पाठ फिरवून विचारलेला प्रश्न

मॅचच्या आधी आमचे वस्ताद आमच्याकडे पाठ करून उभे राहायचे. छावणीतल्या मैदानाच्या कडेला एक कडुलिंबाचं झाड होतं. त्याच्या बुंध्याशी आम्ही बुटांच्या नाड्या बांधत बसलेले असायचो. वस्ताद कंपाउंडच्या भिंतीकडे तोंड करायचे, हात मागे बांधायचे आणि एकच शब्द विचारायचे, "कौन?" मग आमच्यातला एकजण म्हणायचा, "मी." वस्ताद मान हलवायचे, वळायचे आणि दुसरंच काहीतरी बोलायला लागायचे.

हॉकी न पाहिलेल्यांसाठी थोडं सांगतो. समोरच्या संघाला शॉर्ट कॉर्नर मिळाला की चेंडू गोलच्या रेषेवरून अर्धवर्तुळाच्या टोकाशी ढकलला जातो. तिथं एकजण तो थांबवतो आणि दुसरा पूर्ण ताकदीनं गोलाकडे मारतो. बचाव करणारे पाच जण गोलात उभे असतात. चेंडू निघाल्याबरोबर त्यांच्यातल्या एकानं सुटायचं आणि सरळ मारणाऱ्याच्या अंगावर जायचं. स्टिकला चेंडू लागला तर उत्तम, नाहीतर अंगावर घ्यायचा. आम्ही त्याला नुसतं 'पहिला' म्हणायचो. वस्तादांचा प्रश्न त्या जागेसाठी असायचा. तोंडाला लावायची जाळी तेव्हा आमच्याकडे नव्हती. मैदान मुरमाचं होतं आणि खड्यावरून उडालेला चेंडू कुठं जाईल हे मारणाऱ्यालाही माहीत नसायचं. पाचांपैकी हेल्मेट एकाच्याच डोक्यावर असायचं. गोलीच्या. गोली मी होतो.

आमची टीम एका सरकारी खात्याची होती. काही खेळाडू कायम नोकरीत, काही हंगामी. हंगामी म्हणजे स्पर्धांच्या दिवसांत हजेरी लावायची, बाकीचं वर्ष शेतात नाहीतर कुठं मिळेल तिथं काम करायचं. मोठी स्पर्धा संपली की साहेब लोक बसायचे आणि एखाद्या हंगाम्याला कायम करायचे. साहेबांना हॉकीतलं फार कळत नव्हतं. मंडपात बसून त्यांना दोनच माणसं दिसतात, असं सगळे म्हणायचे: गोल मारणारा आणि पहिला पळणारा.

मला वस्तादांची ती रीत फार आवडायची. मी पत्रकांवर वाढलेला मुलगा. वडील गुलमंडीजवळच्या एका गल्लीत ट्रेडल मशीनवर छपाई करायचे आणि आमच्या घरात पुस्तकांपेक्षा पत्रकं जास्त होती. संपाची, पाण्याची, फीवाढीची, जमिनीच्या लढ्याची. डाळीच्या डब्याखाली पत्रक, चपलांच्या फळीवर पत्रक. मी अक्षरं त्यांच्यावरच शिकलो. वडिलांचा एक नियम होता. पत्रक हातात आलं की आधी तळाची ओळ बघायची. कोणी छापलं, कोणी काढलं. खाली नाव नसलेलं पत्रक ते छापायचे नाहीत. गिऱ्हाईक परत पाठवायचे. "ज्याला आपलं नाव टाकायला भ्या वाटतं, त्याचा मजकूर मी कामून जुळवू?" असं म्हणायचे.

अशा घरातून आलेल्या मला वाटायचं, इथं कोणी कोणावर हुकूम करत नाही. विचारलं जातं. माणूस स्वतः म्हणतो, मी. किती चांगली गोष्ट आहे.

बहुतेक वेळा 'मी' म्हणणारा करमाडचा असायचा. जालना रोडवरच्या त्या गावातून तो एसटीनं यायचा, स्टिक पोत्यात गुंडाळून. बोलायच्या आधी घसा खाकरायची त्याला सवय होती. वस्तादांनी "कौन?" म्हटलं की आधी ती खाकर यायची, मग "मी". खाकर ऐकली की बाकीच्यांचे खांदे सैल व्हायचे. मी हे स्वतः पाहिलेलं आहे.

"तू कामून म्हणतो दरवेळी?" मी एकदा विचारलं.

"तुझ्यावानी कायम झालो का नाय म्हननार," तो म्हणाला. "मंग तिकडं वस्ताद विचारतील आन मी नाडी बांधत बसंन. लई येळ बांधीन. तुमी बांधता तशी."

"मी गोली आहे. मला तो प्रश्नच नाही."

"व्हय, तुला टोप हाय. टोपवाल्यानं मागं झोपू नये म्हंजी झालं."

त्या दिवशी बाहेरगावच्या टीमशी सामना होता. दुपार उतरली होती. त्यांना शॉर्ट कॉर्नर मिळाला, करमाडचा सुटला आणि मला त्याच्या पाठीमुळे चेंडू दिसलाच नाही. आवाज तेवढा आला. हॉकीचा चेंडू फळीवर आदळला की कडाडतो. हा आवाज तसा नव्हता. ओल्या मातीत दगड पडावा तसा होता.

तो बसला. आम्ही जमलो. कानाच्या वर टेंगूळ येत होतं, रक्त जवळजवळ नव्हतंच. कोणीतरी म्हणालं, हळद आणा. तो म्हणाला, "हळद कामून? लगीन लावता का माझं?" सगळे हसले. पंचांनी विचारलं, खेळशील? तो उठून उभा राहिला. शेवटपर्यंत खेळला. आम्ही जिंकलो.

जिंकलं की छावणीतल्या एका हॉटेलात मटणाचा नान-खलिया खायचा आमचा रिवाज होता. त्यानं नान मोडला आणि ताट पुढं सारलं. वास जड लागतोय म्हणाला. मी त्याला बसस्टँडवर सोडायला गेलो. तो नेहमीपेक्षा कमी बोलत होता, पण थट्टा करत होता. खिडकीजवळची जागा मिळाली. त्यानं खिडकीच्या गजाला कपाळ टेकवलं, गार लागतं म्हणून. बस सुटली.

करमाड आलं तेव्हा दिवेलागण झाली होती. कंडक्टरनं गावाचं नाव पुकारलं. त्याच्या गावचाच एकजण शेजारून उतरता उतरता म्हणाला, ऊठ की, घर आलं. मग त्यानं खांदा हलवला.

पुढे एका डॉक्टरनं मला समजावलं की डोक्याच्या आत हळूहळू रक्त साठतं. माणूस बोलतो, चालतो, हसतो आणि मग झोपतो. मला हे आधी माहीत नव्हतं. टीममध्ये कोणालाच माहीत नव्हतं. आम्हाला एवढंच शिकवलेलं होतं की उठून उभा राहिला तो ठीक.

खात्यात दोन मिनिटं उभं राहून शोक झाला. मी साहेबांना भेटलो, त्याच्या घरच्यांसाठी काही करा म्हणालो. साहेब वाईट माणूस नव्हता. त्यानं मला चहा पाजला. म्हणाला, "तो स्वेच्छेनं पळाला हो. कोणी सांगितलं नव्हतं त्याला. आणि गेला तो घरी जाताना." मी वडिलांच्या मशीनवर एक पत्रक छापलं, खाली माझं नाव टाकलं आणि खात्याच्या फाटकावर चिकटवलं. दुपारपर्यंत ते खरवडून काढलेलं होतं. मला कोणी रागावलंही नाही. कायम माणसाला कोण रागावतो.

त्याची स्टिक मैदानावर राहिली होती, ती घेऊन मी करमाडला गेलो. त्याची आई दारात ज्वारी पाखडत होती. तिनं स्टिक हातात घेतली, उलटीसुलटी केली, भिंतीला टेकवून ठेवली. मग सूप खाली ठेवून मला विचारलं, "कोनी धाडलं व्हतं त्याला पुढं?"

"कोणी नाही. तोच म्हणाला."

"त्यो कशाला म्हनंल?"

मी तिला रीत सांगितली. वस्ताद पाठ फिरवतात, विचारतात, मग ज्याला वाटेल तो म्हणतो. सांगता सांगता मला ऐकू येत होतं की मी काय बोलतोय. तिनं सगळं ऐकून घेतलं.

"मंग ते बाकीचे कामून नाय म्हनले?" ती म्हणाली. "त्यांला ऐकू नाय आलं व्हय?"

मी परत आलो तो सरळ वस्तादांच्या घरी. छावणीतल्या एका बोळात दोन खोल्या. ते बाजेवर बसून कांदा चिरत होते. मी तिथं उभ्यानंच भांडलो. म्हणालो, आजवर एकाही कायम माणसानं 'मी' म्हटलेलं नाही. तुम्ही विचारत नाही, तुम्ही गरजवंत निवडता, आणि पाठ फिरवता म्हणजे निवडताना बघावं लागत नाही.

ते सुरी थांबवून ऐकत होते. मग म्हणाले, "बैठ. चिल्लाना है तो बैठके चिल्ला."

मी बसलो. त्यांनी मला त्या रितीचा जन्म सांगितला. त्यांचे वडील निजामाच्या फौजेत हॉकी खेळायचे. पोलीस ॲक्शननंतर ती फौज मोडली, माणसं पांगली. कोणी सरहद्दीपलीकडे गेलं, कोणी कुठं गेलं ते कळलंच नाही. जे उरले त्यांनी दोन-तीन वर्षांनी पुन्हा स्टिका काढल्या. मैदानावर हिंदू मुलं आली, मुसलमान मुलं आली. सगळ्यांच्या घरात कोणी ना कोणी कमी झालेलं होतं.

"उस टैम पे कौन किसकू बोलेगा, तू जा, चेंडू के सामने जा?" वस्ताद म्हणाले. "मेरा बाप किसी हिंदू के बच्चेकू बोला, और उसकू लगा, तो शहर में क्या बोलेंगे? उधर का कप्तान अपने बच्चेकू बोला, तो क्या बोलेंगे? तो बाबा क्या करे, पीठ फिरा लिए. मुँह देखके पूछा तो हुकुम हो जाता ना वो. पीठ करके पूछा तो सवाल रहता."

"तेव्हा सवाल होता. आता नाही."

"हौ," ते म्हणाले. कांद्यामुळे की कशामुळे, त्यांनी बाहीनं डोळे पुसले. "लेकिन मेरेकू दूसरा आताच नहीं."

मला त्यांचा राग येईना. हेच मला जास्त लागलं. एका भल्या माणसानं भल्या कारणासाठी पाठ फिरवली होती आणि ती पाठ तशीच राहून गेली होती. माणसं बदलली, भीती बदलली, नोकऱ्या आल्या, हंगामी आणि कायम आले. पाठीला ते कुठून दिसणार?

त्यानंतर मी तीनेक हंगाम खेळलो. माझं खेळणं उतरत गेलं. चेंडू येण्याआधी मला खाकर ऐकू यायची. समोर दुसराच कोणी पळत असायचा आणि मी त्या पाठीकडे बघत बसायचो. गोलीनं चेंडू बघायचा असतो. मग गुडघा गेला आणि मी सुटलो असं मला वाटलं. वस्ताद त्याच सुमाराला थकले. खात्यानं मला कोच केलं.

कोच म्हणून पहिल्याच सामन्याला मी लिंबाखाली उभा राहिलो. सगळं सांगून झालं. कोणी कुठं, कोणी कोणाला धरायचं. तरी पोरं उठेनात. कप्तान, कायम नोकरीतला, डाव्या बगलेचा चांगला खेळाडू, हळू आवाजात म्हणाला, "सर, ते राहिलं."

"काय?"

"पाठ."

मी काय करायला हवं होतं ते मला तेव्हा सुचलं नाही. सामना पाच मिनिटांवर होता. मी भिंतीकडे वळलो. भिंतीवरचा चुना पोपडे येऊन सुटला होता. मी विचारलं, "कोण?"

माझ्या मागे घसा खाकरल्याचा आवाज आला. मग करमाडच्याचा "मी". अगदी तोच, जरा नाकातला. त्यानंतर, थोड्या वेळानं, दुसरा एक आवाज म्हणाला, "मी."

मी वळलो. शेंद्र्याचा एक हंगामी खेळाडू स्टिक टेकून उभा होता.

"आधी कोण बोललं?" मी विचारलं.

"मीच बोललो सर. एकदाच."

त्या अख्ख्या हंगामात हे असंच झालं. मी भुताखेतांवर विश्वास ठेवणारा नाही, माझ्या घरात त्यांच्याविरुद्धसुद्धा पत्रकं निघालेली आहेत. पण पाठ फिरवली की आधी तो बोलायचा आणि मग शेंद्र्याचा बोलायचा. दरवेळी शेंद्र्याचाच. दोन आवाजांमधलं अंतर कमी होत चाललं होतं. हंगामाच्या शेवटी शेवटी ते जवळजवळ एकावर एक यायला लागले आणि मला कळेना कोण बोलतोय.

दुसऱ्या वर्षीच्या मोठ्या स्पर्धेआधी मी सगळ्यांना बोलावलं आणि तोंडाकडे बघून सांगितलं: यापुढं मी विचारणार नाही. पहिला पाळीनं पळेल. सगळ्यांची पाळी, कायम असो की हंगामी. पाळी कोणाची हे मी नाव घेऊन सांगणार. काही झालं तर मी पाठवलं असं सांगायचं. आणि डोक्याला लागलं तर माणूस बाहेर, मग तो नाचत का असेना.

कप्तान म्हणाला, "सर, मला दोन पोरी हायेत."

"याला आई आहे," मी शेंद्र्याच्याकडे बोट दाखवून म्हणालो.

"तसं नाय म्हनत मी."

"तसंच म्हणतोयस तू."

कोणीतरी फिस्सकन हसलं. कप्तान लाल झाला. "सर, तुमी पत्रकं वाचून कोच झाले," तो म्हणाला. "पळनं पत्रकात नसतं."

"म्हणून तर पहिली पाळी तुझी," मी म्हणालो.

तो पळाला. रडतखडत, पण पळाला. पुढच्या सामन्यात दुसरा कायम. सामने आम्ही जिंकत होतो, त्यामुळं कुरकुर आतल्या आत राहिली. वस्ताद एक दिवस काठी टेकत बघायला आले. झाडाखाली मी एकाचं नाव घेताना त्यांनी ऐकलं. सामना संपल्यावर मला जवळ बोलावून म्हणाले, "मुँह देखके बोला तू. अच्छा किया. अब तेरेकू नींद नहीं आती, देख." आणि गेले.

राग आला तो शेंद्र्याच्याला. एका संध्याकाळी तो माझ्या घरी आला, पायरीवर बसला, पाणी घेतलं नाही.

"सर, माझं काय चुकलं?"

"काही नाही."

"मंग माझी जागा कामून काढली? मी गोल मारनारा न्हाई. मला फकस्त पळता येतं. स्पर्धा झाली की साहेब बसनार. त्यांनी कप्तानाला पळताना पाह्यलं, त्यो तर कायमच हाय. माझं तोंड त्यांला दिसलंच नाय यंदा."

मी त्याला करमाडच्याबद्दल सांगितलं. त्याला ठाऊक होतं, सगळ्या टीमला ठाऊक होतं.

"त्यो गेला त्याचं वाईट वाटतं," तो म्हणाला. "पर सर, तुमी त्याच्यापायी मला उपाशी मारता. माझा बाप कंपनीच्या गेटवर हात जोडून उभा ऱ्हातो रोज. वावर गेलं कंपनीत, पैसं गेलं लग्नात. मला कायम व्हायचंय. डोकं माझं हाय ना?"

"डोकं तुझं आहे. गरज तुझी नाही, ती तुला लावलेली आहे."

"हे पत्रकातलं झालं," तो म्हणाला. मग उठताना म्हणाला, "एकदा पाठ फिरवा सर. निस्ती एकदा."

मी फिरवली नाही. पण त्याची पाळी यायची होतीच, आणि ती अंतिम सामन्याला आली. मी काही जुळवलेलं नव्हतं, तशीच आली. आदल्या दिवशी मला एक वाट दिसत होती. त्याला वगळून पुढच्याचं नाव घ्यायचं. कोणी विचारलं नसतं. पण मग ती पाळी कसली, ती माझी मर्जी झाली असती. मी ज्या तोंडानं कप्तानाला पाठवलं होतं, त्याच तोंडानं मला याचं नाव घ्यावं लागणार होतं. वस्ताद म्हणाले होते तसंच झालं. मला झोप आली नाही.

सकाळी लिंबाखाली मी त्याच्याकडे बघून त्याचं नाव घेतलं. तो हसला. लग्नातल्या नवरदेवासारखा हसला. मंडपात साहेब लोक बसलेले होते.

पहिल्या अर्ध्यात कॉर्नर आले, तो सुटला, एकदा चेंडू त्याच्या स्टिकला लागून बाहेर गेला आणि मंडपातून टाळ्या आल्या. मी कडेला उभा होतो. गोलात असताना मला फक्त पाठ दिसायची. इथून सगळंच दिसत होतं. चेंडू निघताना, थांबताना, मारणाऱ्याचा खांदा मागे जाताना. मी डोळे मिटले नाहीत.

दुसऱ्या अर्ध्यात बरोबरी असताना चेंडू खड्यावरून उडाला आणि त्याच्या कानामागं लागला. सरळ नाही, घासून गेल्यासारखा. तो कोलमडला, गुडघ्यावर आला आणि लगेच उभा राहिला. हात वर करून मंडपाकडे दाखवला, मी ठीक आहे म्हणून. कप्तानानं त्याची पाठ थोपटली. पंचांनी विचारलं, त्यानं मान हलवली.

मी त्याला बाहेर बोलावलं.

तो आलाच नाही. मी पंचांना खूण केली, बदली पाठवला, मग तो आला. "सर, कामून?" तो म्हणाला. "मला निस्तं चाटून गेलं. बोटं दाखवा, मी मोजतो. तारीख इचारा. सर, साहेब बघायलेत."

"रिक्षात बस."

"सर, पाया पडतो."

तो खरोखर वाकला. साहेबांपैकी एकजण मंडपातून उठून आला आणि म्हणाला, कोच, फायनल आहे ही, पोरगा ठीक दिसतोय. मी म्हणालो, ठीक दिसतोय हे मला माहीत आहे. त्याच्या दंडाला धरून मी त्याला फाटकाबाहेर काढलं आणि रिक्षात घातलं. मागे शिट्टी वाजली, पुन्हा कॉर्नर. मी वळून बघितलं नाही, पण नंतर कळलं की त्या वेळी पुढं कोण जाणार हे सांगायला कोणी नव्हतं आणि कप्तान आपण होऊन गेला.

सरकारी दवाखान्यात त्याला झोपवलं, डोक्याचा फोटो काढला. डॉक्टरनं फोटो उजेडात धरला. सूज आहे, बाकी काही दिसत नाही, म्हणाला, पण रात्रभर ठेवू. शेंद्र्याचा माझ्याकडे तोंड करून पडला होता.

"बघितलं?" तो म्हणाला. "काय नव्हतंच."

"रात्र जाऊ दे."

"रात्र जाईल सर. माझं वरीस गेलं."

आम्ही जिंकलो. टीमच्या फोटोत तो नव्हता. साहेब बसले तेव्हा त्याचं नाव निघालं नाही. मी बोललो, लेखी दिलं, दोनदा भेटलो. साहेब म्हणाला, अर्धा सामना खेळलेल्याला कसं घ्यायचं? पुढच्या हंगामाला तो आला नाही.

दोन वर्षांनी मी त्याला जालना रोडवर पाहिलं. कंपनीच्या बसची वाट बघत होता, निळा शर्ट, गळ्यात ओळखपत्र. मी स्कूटर बाजूला घेतली. त्यानं नमस्कार केला. चेहऱ्यावर काही नव्हतं.

"कान कसा आहे?"

"तुमी हेच इचारनार माहीत व्हतं. काय नाय कानाला. तवाबी नव्हतं."

त्याचं खरं असेल. मी बाहेर काढल्यानं तो वाचला की तो मुळात वाचलेलाच होता, हे मला कोणी सांगू शकत नाही. वाचलेल्या माणसावर तशी खूण नसते.

"कायम कोन झालं मंग?" त्यानं विचारलं.

"उजवा हाफ. हंगामी होता तो."

"त्यो पळाला व्हता?"

"तोवर त्याची पाळीच आली नव्हती. साहेबाच्या गावचा निघाला."

त्यानं रस्त्याकडे पाहिलं. ट्रक जात होते. मग हसला, मोठ्यानं नाही.

"म्हंजी पळून काय व्हत नव्हतं," तो म्हणाला.

"नाही."

"त्या करमाडवाल्याला सांगायला पायजे व्हतं कोनी."

बस आली. रांगेतल्या बाया चढल्या, मग हा. पायरीवर उभा राहून म्हणाला, "सर, राग नाय आता. पर उपकार बी नाय मानत. तसलं काय मनात आनू नका." कंडक्टरनं दार ओढलं. त्यानं ते हातानं अडवलं. "शनवारी सुट्टी असती मला. एखांद्या येळंला येतो मैदानावर. बघायला. नाव घ्यायचं नाय हां माझं."

"टीममध्ये नाहीस तू आता. कसं घेईन?"

"तुमचा भरवसा नाय," तो म्हणाला आणि आत गेला.

अजून तो आलेला नाही. शनिवारी सराव चालू असताना मी फाटकाकडे बघतो. घसा खाकरणारा अजूनही येतो, मैदान रिकामं झाल्यावर, मी चेंडू गोळा करत असताना. त्याची मला सवय झाली आहे. मी वाट बघतो ती दुसऱ्याची. कंपनीत सध्या शनिवारी पण बोलावतात, असं कोणीतरी सांगत होतं.